अक्कांचा राग

रागवायचं असलं की अक्का आधी चष्मा काढायच्या. तो घडी करून डाव्या मुठीत धरायच्या आणि मगच तोंड उघडायच्या. चष्मा नाकावर आहे तोवर धोका नाही, हे शाळेतल्या प्रत्येक मुलाला ठाऊक होतं. मी नवीन होते तेव्हा मला वाटायचं, रागाच्या भरात तो फुटू नये म्हणून काढत असतील. एकदा विचारलंच.

"चेहरा दिसला की राग उतरतो ग," त्या म्हणाल्या. "आणि मला तो उतरू द्यायचा नसतो."

अशा एक बाई तुमच्याही शाळेत असतील, नाटक बसवणाऱ्या. वर्षभर त्यांच्याकडे कोणाचं लक्ष नसतं आणि स्नेहसंमेलन जवळ आलं की सगळे त्यांना शोधत फिरतात. येलहंक्यातल्या आमच्या खाजगी शाळेत त्या जागेवर अक्का होत्या. त्यांचं घर चामराजपेटला. कितीतरी पिढ्यांपूर्वी बंगळूरला आलेलं मराठी घराणं. रोज दोन बस बदलून त्या शाळेत यायच्या. मी लग्नानंतर साताऱ्याहून इथे आले आणि हिंदी शिकवायला लागले. पहिल्याच दिवशी मी त्यांना 'मॅम' म्हटलं, तर म्हणाल्या, "मॅम नको, अक्का म्हण. सगळे म्हणतात." शिपाई, मुलं, अगदी प्राचार्यसुद्धा त्यांना अक्काच म्हणायचे. त्यांच्या मराठीत 'थोडं'च्या जागी 'स्वल्प' आणि 'बरं'च्या जागी 'सरी' असे कन्नड शब्द सहज यायचे. मी एकदा हसले, तर म्हणाल्या, "माझं मराठी जुनं आहे, तुझं नवं. जुनं टिकतं."

तरुणपणी त्या हौशी नाटक मंडळींत होत्या. भूमिका फारशा मिळाल्या नाहीत. विंगेत उभं राहून नटांना वाक्यं पुरवायचं काम त्यांच्याकडे होतं. "अर्धं आयुष्य दुसऱ्यांसाठी कुजबुजण्यात गेलं," त्या म्हणायच्या. म्हणूनच असेल, पण कुजबुज त्यांना सहन व्हायची नाही. वर्गात कोणी हळू बोललं की चष्मा निघालाच.

त्या वर्षी संगीतनाटक करायचं ठरलं आणि अक्कांना नववीची मुलं मिळाली. मिळाली म्हणजे उरली. जी नाचात नव्हती, क्रिकेटमध्ये नव्हती, रोबोटिक्सच्या स्पर्धेला जाणार नव्हती, ती इकडे ढकलली होती. या वयाच्या मुलांना मनाविरुद्ध उभं केलं की ती कशी उभी राहतात, हे तुम्ही पाहिलं असेल. हाताची घडी, डोळ्यांवर केस, आणि दर थोड्या वेळाने पाण्याची बाटली भरायला जायचं. मला पेटी वाजवता येते हे अक्कांनी कुठूनतरी ऐकलं होतं. मला न विचारताच त्यांनी माझं नाव देऊन टाकलं, म्हणून तालमीच्या हॉलमध्ये त्या मुलांइतकीच नाखूष अशी मीही होते.

व्यवस्थापनाला परदेशी नाटक हवं होतं. पऱ्या, राजवाडा, इंग्रजी गाणी. अक्कांनी ती संहिता मुलांना वाचायला दिली. मुलांनी ती रेल्वेच्या घोषणेसारखी वाचली. अक्कांनी ती बाजूला ठेवली आणि विचारलं, आज घरी पाणी कोणी भरलं?

उन्हाळा नुकताच संपला होता आणि अर्ध्या मुलांकडे अजून टँकर येत होता. एकाने सांगितलं की त्यांच्या इमारतीत पाण्यावरून दोन काकूंचं भांडण झालं. दुसरा म्हणाला, आमच्याकडे तर पोलीस आले. बघता बघता सगळी एकदम बोलायला लागली. अक्का म्हणाल्या, इंग्रजीत सांगू नका, ती माणसं भांडली तशी भांडून दाखवा. मग कन्नड आलं, तमिळ आलं, तेलुगू आलं. एका मुलाने आजीची तुळू काढली आणि सगळे हसून आडवे झाले. नाटक तिथेच ठरलं. एक गल्ली, टँकरची वाट पाहणारी रांग आणि त्या रांगेतलं भांडण. प्रत्येकाने आपापल्या घरच्या भाषेत गायचं. शब्द मुलांनी आणि अक्कांनी जुळवले, चाली मी लावल्या.

पण भांडणं वेगळं आणि गाणं वेगळं. गायची वेळ आली की मुलं पुन्हा हाताची घडी घालायची.

हेमंत हा सगळ्यात उंच मुलगा. त्याचा आवाज तेव्हा फुटत होता, म्हणून तो कायम कार्टूनसारखा खोटा आवाज काढून बोलायचा. अक्कांनी त्याला टँकरवाल्याचं काम दिलं. पहिल्याच तालमीत वरच्या सुरावर त्याचा आवाज फाटला, हॉल हसला आणि तो दाराकडे निघाला. अक्कांनी चष्मा काढला. मला वाटलं, हसणाऱ्यांची धडगत नाही. पण त्या ओरडल्या हेमंतवर.

"फाटला तर फाटू दे. टँकरवाल्याचा गळा काय रेशमाचा असतो? परत ये."

मग माझ्याकडे वळून म्हणाल्या की जिथे त्याचा आवाज फाटतो तिथेच चाल वर उडव. मी तसं केलं. आता प्रत्येक कडव्यात त्या ठिकाणी टँकरवाला किंचाळायचा आणि ते इतकं खरं वाटायचं, की पुढे हेमंतचा आवाज स्थिरावला तेव्हा त्याला तो मुद्दाम फाडावा लागायचा.

अफ्रीनचं तसं नव्हतं. ती बोलायचीच नाही. हजेरीलाही नुसता हात वर करायची. तिच्या घरी दखनी उर्दू बोलतात, आणि शाळेत त्या बोलीला हसतात हे तिला लहानपणीच कळलं होतं. अक्कांनी तिला रांगेतल्या शेवटच्या मुलीचं गाणं दिलं: "घडा ले को ठैरी मैं, पानी कब आता की." ही ओळही तिच्याकडूनच काढून घेतलेली, मोठ्या मुश्किलीने. तालमीत तिची पाळी आली की मी पेटीवर चाल वाजवायची, ती खाली बघत उभी राहायची आणि अक्का म्हणायच्या, "सरी, पुढे."

आमच्या शाळेवरून विमानदलाची विमानं सरावाला जातात. ती आली की शिक्षक फळ्याशी खडू धरून थांबतात आणि मुलं छताकडे बघतात. अक्कांच्या तालमीत थांबायला बंदी होती. "विमानाच्या वर," त्या म्हणायच्या, आणि मुलं गळ्याच्या शिरा ताणून गायची. एके दिवशी विमान डोक्यावर असताना मला अफ्रीनचे ओठ हलताना दिसले. कोणाला ऐकू जाणार नाही अशी खात्री असल्यावर ती गात होती. अक्कांनीही पाहिलं. दुसऱ्या दिवसापासून विमानाचा आवाज आला की त्या तालीम तोडून अफ्रीनचं गाणं लावायला लागल्या. असे बरेच दिवस गेले. मग एकदा विमान नेहमीपेक्षा लवकर निघून गेलं आणि अफ्रीन गातच राहिली. बारीक, किंचित नाकातला, पण सुरात पक्का आवाज. सगळी मुलं वळून बघायला लागली. ती दचकून थांबली.

"पुढची ओळ कोणाची आहे?" अक्का म्हणाल्या. "रांग का थांबली?"

रांग पुढे सरकली. त्या दिवशी बसस्टॉपपर्यंत अक्का माझ्या चार पावलं पुढेच चालत होत्या. बस आली तेव्हा म्हणाल्या, "स्वल्प सर्दी झालीय," आणि पदराने नाक पुसत चढल्या.

आता जे सांगायचं आहे ते सांगताना मला अजून राग येतो. येऊ दे.

संमेलनाला थोडे दिवस राहिले असताना प्राचार्य तालीम बघून गेले. मग त्यांनी आम्हा दोघींना बोलावलं. आमचे प्राचार्य फार मृदू बोलत. शाळेला ते 'आपलं कुटुंब' म्हणत. त्यांच्याकडे एक तरुण बसला होता, कार्यक्रम करून देणाऱ्या एका कंपनीचा. प्राचार्य म्हणाले की काही पालकांची तक्रार आहे, इंग्रजी शाळेत घातलेली मुलं मंचावर गल्लीतली भाषा बोलणार का? शिवाय कार्यक्रमाचं चित्रण होऊन ते सगळीकडे दिसणार, त्यात फाटलेले आवाज बरे वाटत नाहीत. म्हणून कंपनीने स्टुडिओत गाणी करून घेतली आहेत. त्या तरुणाने लॅपटॉपवर ऐकवली. चाली माझ्याच होत्या. शब्द मात्र गुळगुळीत हिंदी आणि इंग्रजीतले, पाणी वाचवा, निसर्ग जपा अशा अर्थाचे, आणि गाणारे मोठे, तयारीचे गायक. भांडण कुठेच नव्हतं. मुलांनी फक्त ओठ हलवायचे होते.

मी म्हटलं, या चाली माझ्या आहेत, मला विचारायला हवं होतं. प्राचार्यांनी हसून सांगितलं की शाळेच्या वेळेत केलेलं काम शाळेचंच असतं.

अक्कांनी चष्मा काढला नाही. त्या सगळा वेळ प्राचार्यांच्या चेहऱ्याकडे बघत होत्या.

"गाणं पोरांचं आणि गळा दुसऱ्याचा," त्या म्हणाल्या. "मग पोरं तरी कशाला? बाहुल्या उभ्या करा. त्या पाणी प्यायलाही जात नाहीत."

"अक्का, नाटक तुमचंच आहे," प्राचार्य म्हणाले. "फक्त आवाज आम्ही देतो आहोत."

बाहेर आल्यावर मी म्हटलं, आपण दोघी अंग काढून घेऊ. अक्का माझ्यावरच उखडल्या. आपण गेलो तर मुलांना हे सांगणार कोण, तो लॅपटॉपवाला? जे सांगायचं ते मी सांगेन, म्हणाल्या.

त्यांनी सांगितलं. इतक्या हळू बोललेलं मी त्यांना कधी ऐकलं नव्हतं. गाणी बदलली आहेत, तुम्ही ओठ हलवा, नीट हलवा, समोर माणसं बसणार आहेत. हेमंतने विचारलं की मग माझा आवाज फाटायची जागा कुठे आहे? नव्या गाण्यात ती जागा नव्हती. त्यानंतरच्या तालमींत मुलं अक्कांच्या नजरेला नजर देत नसत. सुरुवातीला त्यांना नाटक नको होतं, तेव्हाचा त्यांचा कंटाळा मला आठवतो. आताचं गप्प राहणं वेगळं होतं. ती आमच्यावर रागावली होती, आणि त्यांचं चुकत नव्हतं.

संमेलनाच्या संध्याकाळी हॉल भरला. मी आणि अक्का विंगेत होतो. पेटीची गरज नव्हती, तरी मी ती घेऊन गेले होते. पडदा उघडला, घडे आणि बादल्या घेऊन रांग आली, आणि स्पीकरमधून पहिलं गाणं सुरू झालं. मुलं नाटक करत होती. घडे ठेवत होती, रांगेत घुसत होती, एकमेकांना ढकलत होती, जसं बसवलं होतं अगदी तसं. फक्त तोंडं मिटलेली होती, सगळ्यांची. एकही ओठ हलत नव्हता.

लोकांना आधी वाटलं काहीतरी बिघडलं आहे. मागे थोडं हसू झालं. कंपनीच्या तरुणाने, कोण जाणे काय विचार करून, आवाज वाढवला. हॉलभर तो तयारीचा गळा घुमत होता आणि मंचावर नववीची मुलं तोंड मिटून प्रेक्षकांकडे बघत उभी होती. टँकरवाला आला, त्याने हात फेकले, मान ताणली, ओठ घट्ट. शेवटी अफ्रीन एकटी पुढे आली आणि घडा कमरेवर धरून उभी राहिली. स्पीकरमधली बाई गात होती. अफ्रीन तिचं गाणं संपेपर्यंत हलली नाही. हसू केव्हाच थांबलं होतं. पहिल्या रांगेत प्राचार्यांचं हसू मात्र तसंच राहिलं होतं, काढायला विसरल्यासारखं.

पडदा पडला. मला टाळ्या वाजवाव्याशा वाटत होत्या. मी अक्कांकडे पाहिलं, तर चष्मा मुठीत होता.

मंचामागच्या वर्गात मुलं दाटीवाटीने उभी होती. घाबरलेली होती आणि थोडी खूषही. त्यांना वाटत होतं, आता तरी अक्का शाबासकी देतील. अक्कांनी दार लावलं.

"तोंड मिटायला मी शिकवलं होतं?" त्या म्हणाल्या. "वर्षभर ते उघडायला माझा जीव गेला."

हेमंत म्हणाला, "ते आमचं गाणं नव्हतं, अक्का."

"मग तुमचं म्हणायचं होतं. विमानाच्या वर गाता, आणि एका स्पीकरच्या वर गाता येत नाही?"

बाहेर बक्षीस समारंभ सुरू झाला होता, नावं पुकारली जात होती. एका मुलीला रडू फुटलं. अक्का तशाच उभ्या होत्या, चष्म्याशिवाय; कोणाचाही चेहरा त्यांना दिसत नव्हता. तेवढ्यात मागच्या बाकाजवळून अफ्रीनचा आवाज आला. घडा ले को ठैरी मैं. पेटी माझ्या हाताशीच होती. मी भाता उघडला.

अक्कांनी हात वर करून थांबवलं. "मधूनच नाही. पहिल्यापासून," त्या म्हणाल्या, आणि चष्मा घातला.

बाकं भिंतीला लावली आणि मुलांनी अख्खं नाटक त्या वर्गात केलं. कन्नड, तमिळ, तेलुगू, तुळू, सगळी भांडणं जशीच्या तशी. हेमंतने आवाज असा फाडला की खिडकीची काच थरथरली. मुलांना न्यायला आलेले पालक दार उघडून उभे राहिले. अफ्रीनची अम्मी पुढे होती. मुलीचं गाणं सुरू झालं तेव्हा तिने बुरख्याची कड तोंडाशी धरली, आणि दुसऱ्या ओळीला ती हसायला लागली, कारण ती ओळ तिचीच होती, रोज सकाळी घरात म्हटलेली. अक्का खुर्चीवर बसून बघत होत्या. वर्षभरात मी त्यांना तालमीत बसलेलं पाहिलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी चौकशी झाली. म्होरके ठरवून हेमंत आणि अफ्रीन यांना काही दिवस शाळेतून निलंबित करायचं, आणि तसा शेरा त्यांच्या दाखल्यावर जाईल, असं प्राचार्य त्याच मृदू आवाजात म्हणाले. अक्कांना त्यांनी विचारलं, तुम्हाला हे माहीत होतं का?

"मीच सांगितलं होतं तोंड मिटायला," अक्का म्हणाल्या. "पोरांनी ऐकलं. ऐकणाऱ्यांना शिक्षा कशी कराल?"

मी बोलायला तोंड उघडलं, तशी त्यांनी टेबलाखालून माझं मनगट इतकं घट्ट धरलं की बोटं उमटली. बाहेर आल्यावर मी म्हटलं, अक्का, तुम्ही खोटं बोललात. त्या म्हणाल्या, "मग? नाटकवाली आहे मी." आणि मुलांना यातलं अक्षर सांगायचं नाही, अशी मला शपथ घातली. आता ती मुलं कॉलेजात गेली, म्हणून मी इथे ती मोडते आहे.

मुलांवर काही कारवाई झाली नाही. अक्कांना मात्र कळवण्यात आलं की पुढच्या वर्षीपासून नाट्यशिक्षकाचं पद राहणार नाही, ते काम कंपनीकडे जाईल. वार्षिक परीक्षा चालू असताना त्यांचा शेवटचा दिवस आला. निरोप समारंभ वगैरे काही नव्हता. मी दुसऱ्या मजल्यावर नववीच्या वर्गावर पर्यवेक्षण करत होते. खिडकीतून मैदान आणि फाटक दिसत होतं.

अक्का मैदानातून चालत फाटकाशी पोचल्या. पहारेकऱ्याने त्यांना थांबवलं. त्याला वरून सांगितलं असणार, कारण तो फार ओशाळला होता आणि मान वर करत नव्हता. त्याला त्यांची पिशवी तपासायची होती. इतकी वर्षं त्या फाटकातून येणाऱ्या-जाणाऱ्या बाईची पिशवी. अक्कांनी त्याला त्रास दिला नाही. पिशवी त्याच्या टेबलावर स्वतःच उलटी केली. डबा, छत्री, ज्येष्ठमधाची पुडी आणि आणखी काही बारीकसारीक. मग एकेक वस्तू उचलून त्याला दाखवायला लागल्या.

माझ्या तोंडातून काहीतरी निघालं असेल, कारण मुलं उत्तरपत्रिका टाकून खिडकीशी आली. मी त्यांना अडवलं नाही. हेमंतने गजाला तोंड लावून हाक मारली, "अक्का!" मग सगळ्यांनी मारली. शेजारच्या वर्गांच्या खिडक्याही उघडल्या. अफ्रीन माझ्या खांद्यापाशी उभी राहून ओरडत होती, माझ्या कानाला दडे बसतील इतक्या जोरात.

अक्का पिशवी भरून वळल्या. त्यांनी वर पाहिलं. खूप वेळ पाहत राहिल्या, एकेक खिडकी.

"पेपर चालू आहे ना?" त्या म्हणाल्या. फाटकापासून, माईकशिवाय, आणि ओरडत होत्या असंही नाही. "बसा आणि लिहा."

मुलं जागेवर जाऊन बसली. मी पुन्हा खाली पाहिलं तेव्हा पहारेकरी दार लावून घेत होता आणि रस्त्यावर बसस्टॉपकडे जाणाऱ्या माणसांत त्या कुठल्या, ते मला ओळखता आलं नाही.